साडूंच्या जाकिटाचा खिसा

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही, बायकोलाही नाही. आमच्या साडूंचं ते मेमरी कार्ड त्यांच्या जाकिटाच्या खिशात वाकलं नव्हतं. ते मी वाकवलं. आळेफाट्याला माझं ट्रकच्या सुट्या भागांचं दुकान आहे. तिथे गल्ल्यामागे बसून, सकाळी नऊच्या सुमारास, पकडीने वाकवलं; आणि वाकवण्याआधी त्यातलं सगळं पुसलं. कार्ड नखाएवढं होतं आणि त्यावर एका म्हाताऱ्या माणसाचा दोन तासांचा आवाज होता. तो माणूस अडीच महिन्यांनी गेला. त्याचा आवाज आपल्या गबाळेपणामुळे गेला असं समजून साडू आज सहा वर्षं स्वतःला बोल लावताहेत. मी हे का केलं ते सांगतो. पण त्याआधी साडू सांगितले पाहिजेत, कारण तो माणूस कसा आहे हे कळल्याशिवाय मी त्याचं काय घालवलं हे कळायचं नाही.

जुन्नर शहरात होऊन गेलेली एकही गोष्ट आमच्या साडूंना माहीत नाही असं होत नाही, आणि सध्या चालू असलेली एकही गोष्ट माहीत आहे असंही होत नाही. गावात पहिली बर्फाची कांडी कुठल्या ओट्यावर विकली गेली, सदाबाजारातल्या कुठल्या दुकानाच्या फळ्या कोण कुठल्या क्रमाने लावायचा, हे ते झोपेतून उठवलं तरी सांगतील. पण घरातला गॅस तीन दिवसांपूर्वी संपला असून माझी मेव्हणी शेजारणीच्या शेगडीवर स्वयंपाक करते आहे, हे त्यांना चौथ्या दिवशी कळतं. तेही शेजारणीने भाजीत मीठ कमी असल्याचा निरोप पाठवला म्हणून. ते पूर्वी शाळेत चित्रकला शिकवायचे. एके दिवशी ती नोकरी सोडून आले आणि म्हणाले, "आता मी जुन्नरचा माहितीपट करणार." सासऱ्यांनी विचारलं, "किती दिवसांचं काम आहे?" साडूंनी थोडा हिशेब केला आणि म्हणाले, "जुन्नर तसं जुनं आहे." त्यावर सासरे उठून आत गेले. मला कुणी विचारलं की मी सांगतो, साडू फिल्म लायनीला आहेत. मग पुढचा प्रश्न हिरॉइनीबद्दल येतो. तिथं मी गिऱ्हाइकाला गॅसकेट दाखवायला लागतो.

बाहेरगावचा माणूस कॅमेरा घेऊन जुन्नरला आला की आधी किल्ल्याकडे वळतो. आमचे साडू किल्ल्याकडे पाठ करून उभे राहतात. "किल्ल्याला काय धाड भरलीये? तो कुठं जातोय?" त्यांना फक्त जाणाऱ्या गोष्टी लागतात. शेवटचा कल्हईवाला, शेवटचा रंगारी, शेवटची कंदील दुरुस्त करणारी बाई. याचा व्हायचा तोच परिणाम झाला. साडूंनी कुणाच्या दारात कॅमेरा उभा केला की तिथली माणसं घाबरायला लागली. धान्यबाजारातल्या एका चहावाल्याने तर त्यांना लांबूनच हात जोडले. "भाऊ, आमचं अजून चालू हाये. तुमी पुढं व्हा." एका घरी त्यांनी आजोबांचं चित्रण केलं, तर सुनेने त्याच संध्याकाळी पुण्याच्या मुलाला फोन लावला, की येऊन भेटून जा. आजोबा अजून आहेत. रोज सकाळी फिरायला जातात, आणि साडू दिसले की रस्ता बदलतात.

कॅमेऱ्याची तिकाटी ते स्कूटरला उसाच्या मोळीसारखी बांधतात. त्या तिकाटीनेही पुष्कळ रामायण घडवलं. माझं मूळ गाव पिंपळवंडी. तिथल्या एका जुन्या पाणवठ्याचं चित्र घ्यायला साडू एकदा बांधावर तिकाटी रोवून, एक डोळा मिटून उभे होते. दहा मिनिटांत तीसएक माणसं जमली. आमच्या भागात तीन पायांवर उभं यंत्र आणि त्यामागे एक डोळा मिटलेला माणूस याचा अर्थ एकच, मोजणी. "रस्ता हाये का रेल्वे?" कुणीतरी विचारलं. साडू म्हणाले, "नाही हो, इतिहास आहे." म्हातारा शेतकरी पुढं झाला, "इतिहासासाठी बी जमीन द्यायची नाय, राव. लिवून घ्या." साडूंनी ते खरोखर लिहून घेतलं. मग मला फोन करून म्हणाले, "साडूभाऊ, काय सुंदर वाक्य मिळालं!" मी तेव्हा तिकडे निघालोच होतो, त्यांना सोडवायला.

त्यांचं ते जाकीट. चौदा खिशांचं, मातकट रंगाचं, पुण्याहून आणलेलं. प्रत्येक खिशाला नेमून दिलेलं काम होतं. एकात बॅटऱ्या, एकात काच पुसायचं फडकं, एकात शेंगदाणे. कुठल्या खिशात काय हे फक्त त्यांना ठाऊक असायचं आणि तेही बहुतेक चुकायचं. त्यांच्याशी बोलताना समोरचा माणूस एक वाक्य पूर्ण करीपर्यंत ते चार खिसे तपासून परत पहिल्यावर आलेले असत. मेव्हणी म्हणायची, "दाजी, ह्यांना छातीत दुखलं तरी आधी खिशात बघतील."

मेव्हणीचं आणि कॅमेऱ्याचं एक वेगळंच नातं आहे. नवऱ्याला काही महत्त्वाचं सांगायचं असलं की ती कॅमेऱ्यापुढच्या स्टुलावर जाऊन बसते, कारण तिथून बोललेलंच त्यांच्यापर्यंत पोचतं असं तिचं मत आहे. पोरीच्या फीची शेवटची तारीख तिने अशीच सांगितली होती, पदर सारखा करून. खंडेनवमीला तिने विळी, खोरं, शिलाई मशीन यांच्या रांगेत कॅमेराही मांडला, आणि भक्तिभावाने हळदकुंकू आणि पळीभर पाणी वाहिलं, ते नेमकं माइकच्या भोकांवर. तेव्हापासून कॅमेऱ्याला दिसतं, ऐकू येत नाही. त्यामुळे आवाजासाठी वेगळं यंत्र आलं, आणि ते धरायला माणूस लागला, म्हणून मी आलो. मला त्यातलं काही कळत नव्हतं. पण मी ट्रकच्या वायरिंगचं सामान विकतो, म्हणजे मला वायर कळते, असं साडूंनी ठरवलं.

त्यांची मुलाखतीची रीत ऐकून पुण्यातले जाणकार हसतात. ते एकच प्रश्न विचारतात आणि वीस पावलं मागं जातात. "जवळ उभं राहिलं की माणूस आपल्याला बरं वाटेल ते बोलतो," असं त्यांचं म्हणणं. वीस पावलांवरून लांबचं भिंग लावून, डोळा काचेला चिकटवून ते उभे राहतात, आणि एकदा डोळा चिकटला की त्यांचे कान बंद होतात. एकदा शेळी त्यांची टिपणवही खात होती. घरमालकीण "अवो पावणं, अवो पावणं!" म्हणून ओरडत होती, आणि हे मालकिणीच्या ओरडणाऱ्या चेहऱ्याचं चित्र घेत होते. म्हणजे प्रत्यक्षात बोलणाऱ्याच्या समोर बसायचो मी. हातात माइक, कानांवर हेडफोन. शेवटी साडू लांबून हात वर करायचे आणि सगळ्यांनी दोन मिनिटं गप्प बसायचं, कारण त्यांना त्या जागेची शांतता वेगळी टिपून हवी असे. गावात दोन मिनिटं गप्प राहायचं कारण लोकांना एकच माहीत. एका घरी म्हातारी पटकन उभी राहिली, हात जोडले आणि दोन मिनिटं संपल्यावर हळूच मला म्हणाली, "बाबा, कोण गेलं?"

असा हा माणूस. त्याच्यासाठी त्या दिवशी मी जुन्नरच्या वेशीबाहेर एका अंगणात माइक घेऊन बसलो होतो, आणि समोर होते बँडमास्तर. वय ऐंशीच्या पुढे, अंगात इस्त्रीचा पांढरा सदरा, मांडीवर क्लॅरोनेट. भिंतीवर बाबासाहेबांची तसबीर आणि तिच्याखाली मास्तरांच्या बँडचा जुना फोटो. चाळीस वर्षं जुन्नरच्या लग्नांत त्यांचा बँड वाजला. साडूंनी त्यांचा एक प्रश्न विचारला, "मास्तर, वरातीचा रस्ता कसा असायचा?" आणि गेले वीस पावलं, शेजारच्या भिंतीपर्यंत.

मास्तर जे बोलले तसं मी पुन्हा कधी ऐकलं नाही. अख्खं गाव त्यांनी चालींत सांगितलं. सदाबाजारात उडती चाल, कारण तिथं बघणारे लई. चढावर संथ, कारण ढोलवाल्याला दम लागतो. मशिदीच्या अलीकडं थांबवायचं आणि पलीकडं उचलायचं, "पण उचलताना पयला सूर बारीक." वर्षाच्या आत ज्या घरी कुणी गेलं असेल त्या दारापुढून नुसतं चालायचं. आणि एक दार असं होतं, की तिथं थांबवायचं नाही, हळू वाजवायचं. "त्या घरात लगीन मोडून आलेली लेक व्हती, पावणं. येकदम थांबिवलं आस्तं तर तिला कळलं आस्तं, की आपल्यासाटनं थांबिवलं." हे सगळं कुठं लिहिलं होतं का, असं मी न राहवून विचारलं. "वही न्हवती. सगळं हितं," म्हणून त्यांनी डोक्याला बोट लावलं.

मग ते पंगतीवर आले. "बँड ठरवाया माणूस आला की मी येकच सांगायचो. आमी पंगतीला बसनार. मागनं नाय, संगं. माझ्या बापानं छप्पन साली धरम बदलला तवा जत्रंतलं वाजवनं सोडलं. वाजवायचा कटाळा आला म्हनून न्हाई. बोलावलं तर जायाचं, पन मानसावानी." बहुतेकांनी पाळलं, म्हणाले. न पाळणारे एकदोनच निघाले. "येक लगीन पिंपळवंडीचं."

मी माइक थोडा मागे घेतला.

"मोठं खटलं. कबूल केलं व्हतं चुलत्यानं. जेवायच्या टायमाला आमा आठ जनांस्नी गोठ्यामागं नेलं. पातेलं ठिवलं, पत्रावळ्या ठिवल्या, वाढाया कोन न्हाई. मी तसाच मांडवात गेलो. चुलता म्हनला, आता कशाला वाद घालता मास्तर, शुभकार्य हाये. मी म्हनलं, नवरदेवाला इचारतो. पुढं जाऊन इचारलं, नवरदेव, आमची पंगत कुठं? तर नवरदेव खाली बघून मुंडावळी सारखी करीत बसला." मास्तर थोडं थांबले. माझ्याकडेच बघत होते. "तवा आमी तसंच उठलो. न जेवता वरात वाजिवली. आन त्या दिशी, पावणं, लई ग्वाड वाजिवलं मी. रागानं नाय. पोरीचं लगीन व्हतं म्हनून."

ती पोर माझी बायको. मुंडावळी सारखी करणारा मी. चुलते आता नाहीत. आमच्या घरी दोन पिढ्यांमागे मेंढरं होती. आमचे आजे-पणजे मेंढरांचा वाडा घेऊन फिरायचे तेव्हा त्यांनाही गावाबाहेरच उतरवत आणि पाणी वरून ओतत. ही गोष्ट चुलते मोठ्या त्वेषाने सांगायचे. फक्त त्या दिवशी त्यांना ती आठवली नाही, आणि मला आठवली तरी बोलता आलं नाही. पंचवीस वर्षांनी त्याच माणसापुढे मी बसलो होतो आणि तेव्हाही मी हेडफोनच सारखा केला. मास्तरांनी मला ओळखलं होतं की नाही, हे मला आजही सांगता येत नाही. नाव त्यांनी घेतलं नाही. जाताना चहा मात्र त्यांनी स्वतःच्या हाताने दिला.

आवाजाचं यंत्र, आतल्या कार्डासकट, चार्जिंगसाठी माझ्याकडे असायचं. रात्र तशीच काढली आणि सकाळी दुकान उघडून बसलो. साडू हे पडद्यावर दाखवणार, जुन्नर बघणार, बायको बघणार, माझ्या पोरी बघणार. मधला तेवढाच तुकडा कापून काढता येतो हे तेव्हा मला ठाऊक नव्हतं. मी वायर विकणारा माणूस, मला एकच बटण माहीत होतं, सगळं पुसण्याचं. यंत्राने विचारलं, नक्की का? मी हो म्हटलं. त्याने पुन्हा विचारलं. मास्तरांनी मला एकदाच विचारलं होतं, तरी मला उत्तर सुचलं नव्हतं. यंत्राने दोनदा विचारलं आणि दोन्ही वेळा मी चटकन उत्तर दिलं. मग कुणी परत काढू नये म्हणून कार्ड पकडीत धरून वाकवलं. दुपारी साडू आले. गप्पांच्या नादात, न बघता त्यांनी मी दिलेलं कार्ड जाकिटाच्या सातव्या की आठव्या खिशात टाकलं आणि स्कूटरवर बसले. चार दिवसांनी फोन आला. "साडूभाऊ, माझ्या हातून पाप झालं. कार्ड खिशात मोडलं." मला खोटं बोलावंसुद्धा लागलं नाही. नुसतं गप्प राहायचं होतं, आणि त्यात माझा हात धरणारं आमच्या तालुक्यात कुणी नाही.

पुन्हा जाऊन बोलायचं म्हणेपर्यंत मास्तर आजारी पडले आणि गेले. त्यांची लेक घोडेगावला शाळेत शिकवते. साडूंनी तिथं जाऊन तिच्यापुढे हात जोडले. ती म्हणाली, "दादा, चुकून झालं. पण बाबांचा आवाज आमच्याकडे म्हणाल तर मोबाइलवर आठ सेकंद आहे. नातवाच्या वाढदिवसाला 'कापा की केक' म्हणतात, तेवढाच." त्या दिवसापासून साडूंनी जाकीट घातलं नाही. आता ते सगळं सामान कापडी पिशवीत घेऊन फिरतात आणि ती पिशवी सारखी कुठंतरी विसरतात.

माहितीपट मात्र अडून बसला. दुसऱ्या कुणाचा आवाज मास्तरांच्या तोंडी घालायला साडू तयार होईनात. ते मुकं चित्रण घेऊन गावभर फिरले, ओठांवरून कुणाला काही कळतंय का बघायला. मास्तरांच्या मिशा भरघोस. एक शेजारी म्हणाला, नगरपालिकेला शिव्या देताहेत. जुना ढोलवाला म्हणाला, माझंच कवतिक करतोय, बघा की हात कसा करतोय. चार-पाच वर्षं हे चाललं. मग गेल्या वर्षी एके दिवशी साडू माझ्या दुकानात धापा टाकत आले, गल्ल्यावर हात आपटून म्हणाले, "अहो, हेडफोन तुमच्या कानांवर होता! एवढं साधं मला कसं सुचलं नाही?" मला मात्र ते पहिल्या दिवसापासून सुचलेलं होतं.

त्यांनी मला स्टुलावर बसवलं, प्रश्न विचारला, वीस पावलं मागं गेले. मी सगळं सांगितलं. सदाबाजार, चढ, मशीद, ते हळू वाजवायचं दार. शब्दन्‌शब्द सांगितला, मास्तरांच्याच बोलीत. पिंपळवंडी आली तिथं थांबलो. साडू जवळ आले, डोळे पुशीत. म्हणाले, "शेवटी मास्तर चारेक मिनिटं आणखी बोलताहेत. चित्रात दिसतं. आणि साडूभाऊ, तिथं ते तुमच्याकडे बघताहेत."

"माइककडे बघत असतील," मी म्हटलं.

"असतील," साडू म्हणाले आणि तिकाटी मिटायला लागले.

महिन्यापूर्वी जुन्नरला शाळेच्या सभागृहात माहितीपट दाखवला. साडूंनी ती चार मिनिटं कापली नाहीत. तशीच मुकी ठेवली. मास्तर बोलताहेत, हात हलवताहेत, थांबून समोर बघताहेत, आणि आवाज नाही. पुण्याहून आलेल्या पाहुण्यांनी भाषणात मौनाच्या त्या धीट वापराचं फार कौतुक केलं. मग व्यासपीठावर बोलावून मला शाल दिली, स्मरणशक्तीबद्दल. बायको पहिल्या रांगेत टाळ्या वाजवत होती. साडू त्यांच्या जुन्या सवयीने सदऱ्यावर नसलेले खिसे चाचपत उभे होते. इतका आनंदी माणूस मी बघितला नाही, आणि तरी मला सांगत होते, "माझ्या चुकीमुळं तुम्हाला केवढा त्रास, साडूभाऊ."

बाहेर मास्तरांची लेक थांबली होती. घोडेगावची शेवटची एसटी गाठायची होती, म्हणून घाईत होती. माझ्या पाया पडली. मी नको म्हणेपर्यंत पडली. मग म्हणाली, "काका, ते शेवटचं काय होतं? बाबा काय म्हणत होते?"

"आठवत नाही, पोरी."

"आठवलं तर सांगाल ना?"

मी मान हलवली. ती स्टँडकडे गेली.

ती चार मिनिटं तिची आहेत आणि ती माझ्याकडे आहेत. घोडेगावला जाऊन, तिच्यासमोर बसून, तो नवरदेव कोण होता हे तिला सांगणं बाकी आहे. आणि कार्ड कुणी वाकवलं हे साडूंना सांगणं बाकी आहे, कॅमेरा चालू असताना.